ओढा आणि पाणवठा

येरमाळ्याच्या आसपास बालाघाटाच्या माथ्यावर पावसाळ्यांत उभें राहिलें असतां एक साधी गोष्ट ध्यानांत येते. ह्या पठाराच्या पूर्व अंगास पडलेलें पाणी तेरणेस मिळतें. तेरणा मांजरेस, आणि मांजरा गोदावरीस. पश्चिम अंगास उतरलेलें पाणी सीनेंतून भीमेस, आणि भीमेंतून कृष्णेस जातें. एकाच मेघांतून शेजारी शेजारी पडलेले दोन थेंब हातभर उतारामुळें शेंकडों कोस वेगळ्या वाटांनीं जातात.

मनुष्याच्या जन्माविषयींही पुष्कळांची हीच समजूत असते. ज्या उतारावर पडलों त्याच वाटेनें वाहिलें पाहिजे. गांव पूर्वींपासून असेंच आहे, तें तसेंच राहावयाचें. ही समजूत कितपत खरी आहे, ह्याचा आज आम्ही वाचकांबरोबर विचार करूं इच्छितों.

प्रथम खोऱ्याची गोष्ट. सुमारें 6.6 कोटी वर्षांपूर्वीं भूमीच्या भेगांतून तप्त रस वारंवार बाहेर पडून थरांवर थर सांचले. तोच आमचा काळा दगड होय. मग पाण्यानें त्यास कोरलें. कठीण थर टिकला तेथें माथा सपाट राहिला, मऊ थर झिजला तेथें खोरें झालें. दगड कुजून काळी माती झाली. दगडांतील चुना पाण्यांत विरघळला आणि पाणी आटतांच मातींत खडे होऊन राहिला. येडेश्वरीच्या चैत्रांतील यात्रेंत लोक चुनखडीचे खडे वेंचतात, हें ह्या भागांत सर्वांस ठाऊक आहे. एकेका खड्यामागें किती पावसाळे गेले असतील, ह्याची गणती कोण करील? ह्या सर्व घडणींत मनुष्याचा हात नाहीं. म्हणून तिचें श्रेयही त्याचें नाहीं आणि दोषही त्याचा नाहीं.

परंतु गांवाची गोष्ट निराळी आहे. आमच्या वडील माणसांच्या तोंडीं गांवाविषयीं दोन शब्द असत : काळी आणि पांढरी. काळी म्हणजे शेतजमीन, पांढरी म्हणजे वस्तीची जागा. काळी पाण्यानें घडविली. पांढरी मनुष्यानें घडविली. पडलेल्या भिंतींची माती, चुलींची राख आणि फुटकीं खापरें पिढ्यान्‌पिढ्या सांचून ती उंच होत जाते. ह्याच तेरणेच्या कांठीं तेर गांव आहे. प्राचीन तगर नगर तें हेंच. पहिल्या शतकांतील एका ग्रीक व्यापारवृत्तांतांत तगरचा माल गाड्यांवर घालून भडोचच्या बंदरास नेत असल्याचा उल्लेख आहे. त्याच गांवीं विटांचें एक बौद्ध चैत्यगृह पुढें त्रिविक्रमाचें देऊळ झालें, आणि त्याच गांवीं संत गोरा कुंभारानें माती तुडविली. नगर गेलें, व्यापार गेला, चैत्याचें देऊळ झालें. नदी मात्र वाहत राहिली. तेव्हां ‘गांव पूर्वींपासून असेंच आहे’ हें म्हणणें तेरणेच्या कांठीं तरी टिकत नाहीं.

आतां ज्या गोष्टीकरितां आम्हीं लेखणी हातीं घेतली तिच्याकडे वळूं. पुष्कळ गांवांत कांहीं लोकांची वस्ती गांवकुसाबाहेर, आणि त्यांचा पाणवठा ओढ्याच्या खालच्या अंगास असे. हा क्रम इतका जुना झाला कीं, तो ओढ्याच्या वळणासारखाच स्वाभाविक वाटूं लागला. ज्यांस तो सोयीचा होता त्यांसच नव्हे, तर ज्यांस तो जाचत होता त्यांपैकींही कित्येकांस. परंतु ओढा पाण्यानें कोरला. पाणवठे वेगळे केले ते मनुष्यांनीं. दूर कोंकणांत, महाड येथें, ह्याच भेदाची परीक्षा झाली. तेथील नगरपालिकेनें 1924 सालीं चवदार तळें सर्वांस खुलें केल्याचा ठराव केला, पण विरोधामुळें तो कागदावरच राहिला. 20 मार्च 1927 रोजीं डॉ. आंबेडकर आपल्या अनुयायांसह जाऊन तेथील पाणी प्याले. पुढें वाद न्यायालयांत गेला, आणि 1937 सालीं मुंबईच्या उच्च न्यायालयांत तो त्यांच्या बाजूनें सुटला. तळें तेंच होतें, पाणीही तेंच. मनुष्यानें ओढलेली रेघ मनुष्यानें पुसली, इतकेंच.

ह्यापुढचें उदाहरण आमच्याच खोऱ्यांतील आहे. 30 सप्टेंबर 1993 रोजीं पहांटे किल्लारीच्या भोंवतालीं भूकंप झाला आणि सुमारें दहा हजार माणसें दगावलीं. भूकंप हा कोणाचा अपराध नव्हे. परंतु बहुतेकांचे प्राण घेतले ते माळवदी घरांच्या जाड दगडी भिंतींनीं, ज्या केवळ मातीच्या गाऱ्यांत रचल्या होत्या. पुढें बावन गांवें नव्या जागीं वसविण्यांत आलीं. तेथें घरें जमिनीच्या मानानें देण्यांत आलीं : भूमिहीनास व एक हेक्टरापर्यंत जमीन असणाऱ्यास 250 चौरस फुटांचें, त्याहून अधिक असणाऱ्यास 450 चें, आणि सात हेक्टरांवर असणाऱ्यास 750 चें. ह्यास कांहींच कारण नव्हतें असें आम्ही म्हणत नाहीं; मोठ्या शेतकऱ्यास धान्य व अवजारें ठेवावयास जागा लागते. तथापि भूमिहीनाच्या घरींही माणसेंच निजतात. भूमीनें एका क्षणांत सर्वांस सारखें केलें होतें. मनुष्यांनीं कोऱ्या माळावर जुना उतार पुन्हां आंखला.

कोणी म्हणेल, जें इतकें खोल कोरलें गेलें तें दुर्बळ हातांनीं कसें बदलावें? त्यास उत्तर असें कीं, प्रत्यक्ष खोरेंही दुर्बळ हातांनीं बदलतें. 1972 च्या दुष्काळांत उपाशी माणसांनीं टोपलीटोपलीनें माती वाहून बांध घातले व पाझर तलाव खोदले. बांध पडला तेथें वाहणारी माती थांबली, पाणी मुरलें, आणि खालच्या विहिरीस त्याचा लाभ झाला. उलट 2016 च्या एप्रिलांत मांजरा धरण कोरडें पडल्यामुळें लातुरास मिरजेहून आगगाडीनें पाणी आणावें लागलें. आणि ज्या मुलुखांत पिण्यास पाणी नव्हतें, त्याच मुलुखांत वर्षानुवर्षें उसास पाट भरून पाणी दिलेलें होतें. वरच्यानें काय केलें तें खालच्याच्या घागरींत दिसतें.

ह्यावरून आम्हांस एवढेंच सांगावयाचें आहे. जें पाण्यानें व काळानें घडविलें, त्याविषयीं तक्रार करणें व्यर्थ. पण जें मनुष्यानें घडविलें, त्यास निसर्गाचें नांव देणें असत्य होय. जुनेपणा हा न्याय नव्हे. आणि हा नियम केवळ इतरांस लावून भागणार नाहीं. ज्यांनीं खालच्या पाणवठ्याचें दुःख सोसलें, त्यांच्याही खालीं कोणी ना कोणी उभा असतोच : ऊसतोडीस गेलेलें कुटुंब, पालांत राहणारा भटका, घरांतील सून. आमच्या विहिरीवर, आमच्या पंक्तींत, आमच्या ओसरीवर त्यांची जागा कोठें आहे, हें प्रत्येकानें आज सायंकाळीं घरीं जातांना पाहावें. ती जागा आम्हीं स्वतः आंखिली असेल, तर ती पुसण्याचें कामही आमचेंच आहे; त्यास कोट्यवधि वर्षें लागत नाहींत.