हस्तिदंती पट्ट्यांची पेटी

परवा एकादशीस सदाशिव पेठेतील एका वाड्यात आम्ही भजनास बसलो होतो. तेथे एक जुनी विलायती पायपेटी आहे. तिच्या पट्ट्या हस्तिदंती, आता पिवळट पडलेल्या. भजन संपल्यावर घरचा मुलगा म्हणाला, "बुवा, गळ्यात तुळशीची माळ घालून आपण हत्तीच्या दातावर बोटे फिरवतो. हे चालते का?" मंडळी हसली. आम्हांस मात्र हसू आले नाही.

एक जण म्हणाले, "अरे, नामाने सारे शुद्ध होते." खरे आहे, पण नाम हे आपले दोष झाकायचे पांघरूण नव्हे.

या दाताची हकीकत ऐकण्याजोगी आहे. अमेरिकेत कनेक्टिकट राज्यात डीप रिव्हर हे लहानसे गाव. तेथे प्रॅट-रीड कंपनी पियानोच्या हस्तिदंती पट्ट्या करी. १८८१ साली कारखाना जळाला, तो पुन्हा उभारला. दात येत आफ्रिकेतून, झांजिबार बंदरातून. आणि रानातून किनाऱ्यापर्यंत ते डोक्याखांद्यावर वाहणाऱ्यांत गुलाम माणसेही असत. म्हणजे हत्ती तर मेलाच, माणूसही गुरासारखा हाकला गेला. अशा पट्ट्यांवर लोकांनी देवाची गाणीही वाजविली! दुसऱ्या महायुद्धात याच कंपनीने सैन्यासाठी बिनइंजिनाची विमाने बांधली. पुढे डीप रिव्हरच्या त्या इमारतीत राहती घरे झाली. जेथे दात कापले जात, तेथे चुली पेटल्या.

आपल्या मिरजेत याच्या उलट घडले. तेथील शिकलगार घराणी हत्यारांना धार लावीत. एकोणिसाव्या शतकात तो धंदा बसला, तेव्हा त्यांच्यातील फरीदसाहेबांनी सतार-तंबोरे करावयास घेतले. त्यांना लागणारा भोपळा येतो भीमाकाठच्या पंढरपूर-मंगळवेढ्याकडून! २०२४ साली मिरजेच्या सतार-तंबोऱ्यास भौगोलिक मानांकन मिळाले. हात तेच, तलवार सुटली, तंबोरा आला.

तेव्हा माळकरी बंधूंनो, वस्तू शुद्ध की अशुद्ध, एवढे विचारून भागत नाही. पेटी टाकावी तर मृदंगही टाकावा लागेल. त्याची पुडी कातड्याचीच ना? आणि पेटी अडगळीत टाकल्याने हत्ती काही जिवंत होत नाही. उलट डोळ्यांआड झाली, की आपण विसरावयास मोकळे! झाले ते आपल्या हाती नाही. पुढे काय करावयाचे ते आहे. शिकलगारांनी हात वळविला, तसा आपणही वळवावा.

आम्ही मुलास म्हटले, "बाळ, पेटी ठेव. पण नवा दात घरात आणू नकोस. हस्तिदंताच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदीचा ठराव १९८९ सालीच झाला आहे. पण कायदा नसता तरी माळ आहेच. पट्टी निघाली तर साध्या प्लॅस्टिकची बसव. दिसू दे वेगळी."

तो म्हणाला, "विशोभित दिसेल."

"दिसू दे. कोणी विचारील, तेव्हा सांगता येईल."