मुकी जनता आणि हसण्याचा गुन्हा

विनोदाने कुणाचे हाड मोडत नाही. मग सत्तेला त्याची एवढी भीती का वाटते?

‘किस्सा कुर्सी का’ या चित्रपटाची हकीकत या संदर्भात आठवावी. काँग्रेसचे खासदार अमृत नाहटा यांनी खुर्चीच्या राजकारणाची टर उडवणारा हा चित्रपट १९७५ मध्ये सेन्सॉरकडे पाठवला. सरकारने ५१ आक्षेप काढले. पाठोपाठ आणीबाणी आली आणि चित्रपट जप्त झाला. तो आम्हाला दाखवा, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, तेव्हा दाखवायला प्रतच उरली नव्हती. गुडगावच्या मारुती कारखान्याच्या आवारात प्रती जाळल्याचा आरोप झाला. १९७९ मध्ये संजय गांधी व विद्याचरण शुक्ल यांना शिक्षा झाली. १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोघांना निर्दोष सोडले. दरम्यान नाहटांनी चित्रपट पुन्हा काढला. त्यात शबाना आझमींनी साकारलेल्या मुक्या मुलीचे नावच आहे ‘जनता’.

आमच्या भिवंडी-टेमघरकडे लूमच्या खडखडाटात कामगार हातवाऱ्यांनी बोलतात. आवाज दाबला तरी माणूस बोलायचा थांबत नाही, हे इथे वेगळे शिकवावे लागत नाही.

सत्ताधाऱ्यांना नावे ठेवणे सोपे आहे. प्रश्न अवघड होतो तो आपल्या भावना दुखावल्या जातात तेव्हा. ‘रंगीला रसूल’ प्रकरणानंतर १९२७ मध्ये दंडविधानात कलम २९५अ आले. पैगंबरांच्या अवमानाला कायद्याने आळा बसावा, ही तेव्हाच्या मुसलमानांची मागणी होती. पुढे काय झाले? १ जानेवारी २०२१ रोजी इंदूरमध्ये मुनव्वर फारुकी या तरुण विनोदवीराला अटक झाली, ती याच कलमाखाली! हिंदू देवतांची आणि अमित शहांची टिंगल केल्याचा आरोप होता. सर्वोच्च न्यायालयाचा अंतरिम जामीन मिळेपर्यंत महिनाभर तो तुरुंगात होता. आज तेच कलम भारतीय न्याय संहितेत २९९ या क्रमांकाने उभे आहे. आपण मागून घेतलेली काठी कुणाच्या हातात राहते, याचा विचार नको का करायला?

म्हणून सगळेच विनोद सारखे, असे नव्हे. खुर्चीवर बसलेल्याला हसणे वेगळे आणि आधीच कोपऱ्यात लोटलेल्याला हसणे वेगळे. एका समूहाने दुसऱ्याची टिंगल करू नये, असे सूरह हुजुरात बजावते. ते आपल्यालाही लागू आहे. पण अल्लाहच्या आयतींची चेष्टा चाललेली ऐकली तर काय करावे? सूरह निसा सांगते, विषय बदलेपर्यंत त्या लोकांत बसू नका. उठून जा. तिथे जाळपोळीचा उल्लेख नाही, कोतवालाला बोलावण्याचाही नाही.

उठून जाणे म्हणजे भित्रेपणा नव्हे. उठून जावे, आणि मग लिहून, बोलून, जमल्यास त्याहून चांगला विनोद करून उत्तर द्यावे. बंदीची मागणी करणाऱ्याने एवढे ध्यानात ठेवावे की, बंदी घालणारा हात खुर्चीवाल्याचा असतो. उद्या त्याच खुर्चीला हसायची पाळी आपल्यावर आली, तर आपणच मुके झालेले असू.