घर कितीला पडलं?

वास्तुशांतीचा होम आटोपतो, पानं वाढली जातात आणि नव्या गॅलरीत उभे राहिलेले एखादे काका विचारतात, "कितीला पडलं?" यजमान अ‍ॅग्रीमेंटवरचा आकडा सांगतो, "साडेबासष्ट लाखांना." काका मान डोलावतात, स्वतःच्या काळातल्या आकड्याशी मनात ताडून पाहतात आणि बोलणं पार्किंगकडे वळतं. यात कुणी खोटं बोललेलं नसतं. पण ज्या घराचे २४० हप्ते अजून जायचे आहेत, ते कितीला पडलं हे त्या दिवशी त्या गॅलरीत कुणालाच ठाऊक नसतं.

घर घेताना आपण दोनच आकडे तोंडपाठ ठेवतो. एक घराची किंमत आणि दुसरा महिन्याचा हप्ता. किमतीची घासाघीस करतो, पन्नास हजार कमी झाले तर समाधान मानतो. हप्त्याबद्दल विचारतो, "किती बसेल?" पगारातून तो निघतो असं दिसलं की हायसं वाटतं. या दोन आकड्यांच्या मध्ये एक तिसरा आकडा असतो, तो म्हणजे वर्षं. घराची खरी किंमत ठरते ती तिथे.

पुण्यातल्या बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटचा हिशेब मांडू. किंमत ६२ लाख ५० हजार. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० ते ७५ लाखांच्या टप्प्यातल्या गृहकर्जाला घराच्या मूल्याच्या जास्तीत जास्त ८० टक्के रक्कम मिळते, म्हणजे इथे ५० लाख. उरलेले साडेबारा लाख आपले. पुणे शहरात अधिभार धरून मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४,३७,५००. खरेदी घरातल्या स्त्रीच्या नावावर असेल तर त्यात एक टक्का सवलत. नोंदणीचे ३० हजार. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत न बसणाऱ्या, पूर्णत्वाचा दाखला न मिळालेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, म्हणजे ३,१२,५००. कर्ज सुरू होण्याआधीच स्वतःच्या खिशातून वीस लाख तीस हजार गेलेले असतात.

आता कर्ज. ५० लाख, साडेआठ टक्के, वीस वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज एक कोटी चार लाखांच्या वर जाते, त्यात व्याज ५४ लाख. खिशातले वीस लाख मिळवले की साडेबासष्ट लाखांचं घर एक कोटी चोवीस लाखांना पडतं. जवळजवळ बरोबर दुप्पट.

दुप्पट हा शब्द कर्जाच्या बाबतीत आपल्या मातीत जुना आहे. हिंदू धर्मशास्त्रातून आलेला दामदुपटीचा नियम मुंबई इलाख्यातली न्यायालयं मानत असत. थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलाहून जास्त वसूल करता येणार नाही, असा तो नियम. तो वर्षानुवर्षं भरत गेलेल्या व्याजाला लागू नव्हता, त्यामुळे आजच्या गृहकर्जावर त्याच्या आधारे बोट ठेवता येत नाही. पण त्यामागची जाण महत्त्वाची आहे. कर्ज वाढतं ते काळाच्या जोरावर आणि कुठेतरी काळाला लगाम घालावा लागतो, हे आपल्या पूर्वजांनी ओळखलं होतं.

त्याच जाणिवेचा दुसरा धागा १८७५ सालचा आहे. १२ मे रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकरी सावकारांच्या दारावर गेले आणि त्यांनी कर्जाचे कागद आणि वह्या जाळल्या. पुढे १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. त्याने न्यायालयाला कर्जरोख्याच्या मागे जाऊन सगळा व्यवहार मुळापासून तपासण्याची मुभा दिली आणि भरलेल्या रकमेची पावती व वर्षाचा हिशेब मागण्याचा हक्क ऋणकोला दिला. त्या शेतकऱ्यांचं दुःख केवळ व्याजाच्या दरातून आलेलं नव्हतं. आपण किती दिलं आणि किती उरलं हे वहीत लिहिलेलं असूनही आपल्याला वाचता येत नाही, हेही त्या दुःखात होतं.

आज आपण शिकलेलो आहोत, हिशेब मोबाइलवर दिसतो. तरी तो वाचतो का? कर्ज घेऊन पाच वर्षं झाल्यावर मी पहिल्यांदा माझं स्टेटमेंट ओळीनं वाचलं, तेव्हा बराच वेळ नुसता बसून राहिलो होतो. वरच्याच उदाहरणात सांगायचं तर पहिल्या ४३,३९१ रुपयांच्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजाचे असतात, मुद्दलाला लागतात जेमतेम आठ हजार. पाच वर्षांत २६ लाख भरून झाले तरी कर्ज उतरतं सहा लाखांनी. बाकी राहतात ४४ लाख. हप्त्यातला मोठा वाटा व्याजाकडून मुद्दलाकडे सरकायला जवळजवळ बारा वर्षं लागतात आणि मुद्दल निम्मं व्हायला चौदा. यात बँकेने काही लपवलेलं नसतं. त्या महिन्याला जितकं कर्ज बाकी तितक्यावर व्याज, इतकं साधं गणित आहे. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याज मोठं.

मग हे व्याज नेमकं कशाचं? माझ्या वडिलांच्या पिढीतले कितीतरी लोक आयुष्यभर भाड्याच्या खोलीत राहिले आणि निवृत्तीच्या वेळी प्रॉव्हिडंट फंड आणि ग्रॅच्युइटी एकत्र करून घर बांधते झाले. स्वतःच्या भिंतीत खिळा ठोकायला त्यांना अठ्ठावन्न वर्षं थांबावं लागलं. १९७७ मध्ये मुंबईत हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसी स्थापन केली आणि मध्यमवर्गाला लांब मुदतीचं गृहकर्ज हळूहळू परिचयाचं झालं. आज तिशीतलं जोडपं घरात जातं. गृहकर्जाने आपल्याला घर दिलं असं म्हणण्यापेक्षा त्याने घर पंचवीस वर्षं आधी दिलं, असं म्हणणं अधिक खरं. व्याज ही त्या आधी मिळालेल्या वर्षांची किंमत आहे. मुलं स्वतःच्या घरात वाढतात, दर अकरा महिन्यांनी सामान बांधावं लागत नाही, आईवडिलांना हक्काने बोलावता येतं. हे मोल खोटं नाही. म्हणून "व्याज म्हणजे लूट" हे म्हणणं मला पटत नाही.

हिशेब प्रामाणिक ठेवायचा तर आणखी दोन गोष्टी दुसऱ्या पारड्यात टाकायला हव्यात. पहिली भाडं. आज २० हजार भाडं असेल आणि ते दरसाल ५ टक्क्यांनी वाढत गेलं, तर वीस वर्षांत ७९ लाख जातात आणि शेवटी हातात घर नसतं. दुसरी महागाई. हप्ता तोच राहतो, रुपया मात्र झिजतो. महागाई ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचा ४३ हजारांचा हप्ता आजच्या सोळा हजारांइतका असेल. म्हणजे एक कोटी चोवीस लाखांची सरळ बेरीजही पुरती खरी नाही. भार सगळ्यात जड असतो तो पहिल्या सात-आठ वर्षांत, पगार लहान असताना, पोरं लहान असताना. आणि नेमके तेच हप्ते व्याजात जात असतात.

म्हणून माझा आक्षेप कर्जावर नाही, कर्जाची वर्षं न मोजण्यावर आहे. हप्ता हलका करायला आपण मुदत सहज वाढवून घेतो. त्याच ५० लाखांना पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज साडेअडतीस लाख. तीस वर्षांची घेतली तर हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख. वीस वर्षांवरून तीसवर जाताना महिन्याला पाच हजार वाचले असं वाटतं, त्यासाठी ३४ लाख जास्त मोजलेले असतात. एवढा मोठा निर्णय बँकेच्या टेबलावर पाच मिनिटांत होतो, कारण समोर फक्त हप्ता असतो.

कधीकधी तर ही वर्षं आपल्या नकळत वाढतात. २०२० ते २०२२ या काळात रेपो दर ४ टक्के होता, गृहकर्जं पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होती, महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कही काही महिने उतरवलं होतं. पुण्या-मुंबईत अनेकांनी तेव्हा घरं घेतली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो दर साडेसहावर गेला. बदलत्या दराचं कर्ज असल्याने व्याज अडीच टक्क्यांनी चढलं, आणि अनेक ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली गेली. ढोबळ हिशेब करा. पावणेसात टक्क्यांनी ५० लाख घेतलेल्या माणसाची दोन वर्षांनी अठरा वर्षं उरलेली असतात. दर सव्वानऊ झाला आणि हप्ता तोच राहिला, तर ती अठरा वर्षं पस्तीसच्या पुढे जातात. छप्पन्नाव्या वर्षी मोकळा होणारा माणूस त्र्याहत्तराव्या वर्षापर्यंत बांधला जातो, आणि पगारातून जाणारी रक्कम तीच असल्याने त्याला कसलीच जाणीव होत नाही. नंतर, २०२५ पासून दर उतरले हे खरं. पण दर आपल्या हातात नसतो, लक्ष ठेवणं आपल्या हातात असतं.

रुपयांत न मांडता येणाराही एक खर्च आहे. हप्ता चालू असताना नको असलेली नोकरी सोडता येत नाही, स्वतःचं काही सुरू करण्याचा विचार पुढे ढकलला जातो, आईच्या आजारपणात बिनपगारी रजा घेताना दहादा विचार करावा लागतो. शहरापासून लांब घेतलेलं घर स्वस्त वाटतं, कारण त्यात लोकलचे तास धरलेले नसतात. रोज येऊन-जाऊन तीन तास, वर्षाला अडीचशे दिवस, वीस वर्षं. पंधरा हजार तास होतात, म्हणजे सहाशे पंचवीस दिवस आणि रात्री. हे ज्याला परवडत असेल त्याने जरूर घ्यावं, पण मोजून घ्यावं.

मोजण्याची साधनं आता आपल्याकडे आहेत. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावा, आणि किती मुद्दल व किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले याचं विवरण दर तिमाहीला मिळावं. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाआधी सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता असलेलं पत्रकही द्यावं लागतं. १८७९ च्या कायद्याने शेतकऱ्याला दिलेला हिशेब मागण्याचा हक्कच हा, नव्या रूपातला. तो वापरला नाही तर कागद असूनही आपण सुप्याच्या त्या शेतकऱ्यांइतकेच अंधारात राहू.

आणि वर्षं परत विकत घेता येतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर बँकेला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही, हा नियम २०१२ पासून आहे. आपल्या उदाहरणात कर्जाच्या सुरुवातीलाच एक लाख जास्त भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे बारा हप्ते गळून पडतात. तेच एक लाख पंधरा वर्षांनी भरले तर गळतात साडेतीन. दरवर्षी बोनसमधून एक हप्ता जादा भरला तरी वीस वर्षांचं कर्ज सतराच्या आत फिटतं आणि दहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. मात्र त्याआधी घरात सहा महिन्यांचा खर्च शिल्लक हवा. तसंच कर्जासोबत दिल्या जाणाऱ्या विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून देऊ नये, कारण त्या एक लाखाचेही वीस वर्षांत दोन लाख होतात. मुदतीचा विमा वेगळा घ्यावा, पण घ्यावाच. कर्ज आपल्या माघारी मुलांवर येऊ नये, यापेक्षा मोठं देणं नाही.

घर घेणाऱ्या प्रत्येकाला माझी कळकळीची विनंती आहे. सही करण्याआधीच्या संध्याकाळी नवरा-बायकोने मिळून एका कागदावर चार ओळी लिहाव्यात. स्वतःच्या खिशातून किती गेलं, सगळ्या हप्त्यांची बेरीज किती, कर्ज फिटेल तेव्हा आपलं वय किती, आणि दर दोन टक्क्यांनी वाढला तर आपण काय करणार. हा कागद घराच्या फाइलमध्ये सगळ्यात वर ठेवा आणि दर पाडव्याला त्यातली बाकी नव्याने लिहा. ज्या वर्षी बाकीच्या जागी शून्य येईल, त्या वर्षी घर कितीला पडलं हे तुम्हाला कळलेलं असेल.