मनात होतं, पण...

आमच्या भाच्याने या मे महिन्याच्या सुट्टीत एक नवं जग निर्माण केलं. ब्रह्मदेवाला या कामासाठी किती वेळ लागला होता कोण जाणे. भाच्याला एक दोनशे पानी वही आणि दोन बॉलपेनं पुरली. त्या जगाला तीन चंद्र आहेत, समुद्र जांभळा आहे आणि दिवे विचारांवर जळतात. या विचार-ऊर्जेचा अभ्यास करणारं एक पंडितमंडळही तिथे आहे. उमेदवाराने विझलेल्या दिव्यासमोर बसून विचार करायचा. दिवा लागला तर मंडळात, नाही लागला तर घरी.

"मामा, तुला घेतलं असतं रे," भाचा म्हणाला, "पण दिवा लागेल याची खात्री वाटत नाही."

"झोपेवर जळणारा दिवा असेल तर लावतील हो ते," स्वयंपाकघरातून सौ.चा दाखला आला.

खरं सांगायचं तर या शास्त्रात आपण त्या पंडितांच्या पुष्कळ पुढे आहोत. आपल्याकडे उचकी लागली की कुणीतरी आठवण काढलेली असते. एकेक नाव घेत जायचं. ज्या नावाला उचकी थांबेल तो आठवण काढणारा. शेजारणीच्या मनात बाळाविषयी नको ते आलं की बाळाला दृष्ट लागते, आणि ती किती लागली हे निखाऱ्यावरच्या मिठमोहऱ्यांच्या तडतडण्यावरून कळतं. इतकं स्वस्त मीटर जांभळ्या समुद्राकाठीसुद्धा मिळायचं नाही!

पण भाच्याच्या मंडळात पेच पडला होता. एका पंडिताच्या मनात शेजाऱ्याविषयी वाईट विचार आला आणि शेजारी आजारी पडला. आता पंडिताला शिक्षा करायची की नाही?

"छे! नुसत्या विचाराला कसली शिक्षा?" असं मी म्हणणार होतो. पण शब्द ओठातच राहिले. मला आत्या आठवली.

माझ्या कॉलेजची फी आत्याच्या शिवणयंत्रातून निघाली होती. शेवटचे अकरा महिने ती आमच्याकडे अंथरुणावर होती. एका रात्री तिने तिसऱ्यांदा हाक मारली, तेव्हा घड्याळात तीन वाजले होते आणि सकाळी मला ऑफिस होतं. उठता उठता मनात आलं, 'आता सुटावी.' चौथ्या दिवशी ती गेली. जो तो येऊन म्हणत होता, "सुटली बिचारी." दर वेळी मी मान खाली घालत होतो. लोकांना ते दुःख वाटलं. पण त्या रात्री मला नेमकं कोण सुटायला हवं होतं, हा प्रश्न मी आजवर स्वतःला विचारलेला नाही.

तर भाच्याला काय सांगावं? मी त्याला हान्स बर्गरची गोष्ट सांगितली. हा खराखुरा माणूस, जर्मनीतला. १८९३ च्या सुमारास लष्करात असताना तो घोड्यावरून पडला आणि येणाऱ्या तोफगाड्याखाली जाता जाता वाचला. त्याच दिवशी दूर घरी असलेल्या बहिणीच्या जिवाची उगीचच घालमेल झाली आणि तिने वडिलांना हट्टाने तार करायला लावली. बर्गरला वाटलं, आपली भीतीच तिच्यापर्यंत पोचली. त्या मानसिक ऊर्जेच्या शोधात त्याने आयुष्य घातलं. तो मेंदूचा डॉक्टर झाला आणि १९२४ मध्ये त्याने माणसाच्या मेंदूतल्या विद्युतलहरी प्रथमच कागदावर उतरवल्या. १९२९ मध्ये त्या जगापुढे मांडल्या. आज फिट येणाऱ्या रुग्णाच्या डोक्याला तारा लावून जो आलेख काढतात, तो हाच. पण बहिणीपर्यंत पोचणारी ऊर्जा काही त्याला सापडली नाही. त्या लहरी इतक्या क्षीण की कवटीवर हाती लागतात, त्याच मुश्किलीने. आपला अख्खा मेंदू चालतो साधारण वीस वॅटवर. एवढ्यात संडासातला बल्ब लागतो. शेजारी आजारी पडत नाही.

"म्हणजे पंडित सुटला!" भाचा म्हणाला.

पंडिताबरोबर मीही सुटलो. इतक्या वर्षांनी छाती जरा हलकी झाली. पण सुटकेचा आनंद चहा गार होईपर्यंतही टिकला नाही. कारण वाईट विचार खर्चाच्या बाजूला मांडायचा नसेल, तर चांगला विचार तरी जमेच्या बाजूला कसा मांडणार? आणि माझी सगळी शिल्लक तिथेच! शाळेपासूनचा एक मित्र दोन वर्षांपूर्वी पडला, मांडी मोडली, तेव्हापासून घरातच आहे. त्याला भेटायचं माझ्या सतत मनात असतं. इतकं सतत, की आपण त्याला भेटून आलोच आहोत असं मला वाटायला लागलं होतं.

बर्गरच्या बहिणीची घालमेल खरी असेल किंवा योगायोग असेल, भावापर्यंत पोचली ती तार. आणि त्या रात्री तीन वाजता मनात काहीही आलं असो, मी उठलो होतो. आत्याला कुशीवर वळवलं होतं, कोमट पाणी पाजलं होतं. त्या एका विचाराचा हिशेब मी इतकी वर्षं ठेवला. त्या पाण्याचा ठेवला नव्हता.

भाच्याने वहीत निकाल लिहिला : 'शिक्षा नाही. पण यापुढे नुसत्या विचाराने दिवा लागणार नाही. उठावं लागेल.' तीन चंद्रांच्या जगात त्या रात्री बराच अंधार झाला असणार.

आपल्याकडची तारसेवा २०१३ च्या जुलैतच बंद झाली. म्हणून मी उठून फोन लावला.

"अरे, तू?" मित्राचा आवाज भरून आला. "रोज आठवण काढतो रे तुझी!"

दोन वर्षांत मला एकदाही उचकी लागली नव्हती.