रणभूमीवरचा कॅमेरा आणि आप्ताची साक्ष

युद्धाचे चित्रण पाहताना प्रेक्षकाला वाटते की आपण घटना प्रत्यक्षच पाहत आहोत. न्यायदर्शनाच्या, म्हणजे भारतीय तर्कपरंपरेच्या, कसोटीला हे उतरत नाही. पडद्यावर दिसते ती कॅमेरा धरणाऱ्याची साक्ष, म्हणजे शब्दप्रमाणाचाच (दुसऱ्याच्या सांगण्यावरून होणाऱ्या ज्ञानाचाच) एक प्रकार. तिची किंमत साक्षीदार आप्त, म्हणजे विश्वासार्ह, आहे की नाही यावर ठरते. न्यायसूत्रांचा भाष्यकार वात्स्यायन याच्या मते आप्ताने वस्तू स्वतः जाणलेली असावी आणि जशी जाणली तशीच सांगण्याची त्याला इच्छा असावी. ऋषी, आर्य, म्लेंच्छ या सर्वांना हे लक्षण सारखेच लागू आहे. मग हुकमाचा ताबेदार असलेला सैनिक आप्त ठरू शकतो का?

पहिल्या महायुद्धातल्या, 1916 च्या ‘द बॅटल ऑफ द सोम’ या ब्रिटिश चित्रपटातले, खंदकातून चढाईला निघालेल्या जवानांचे गाजलेले दृश्य आघाडीच्या मागे मुद्दाम घडवून घेतलेले होते. त्यातले जखमी खरे, सुरुंगाचा स्फोटही खरा. पण एका बनावट दृश्यामुळे या खऱ्या दृश्यांवरही संशयाची सावली पडते.

दुसऱ्या महायुद्धात, 1941 मध्ये, ब्रिटिश लष्कराने स्वतःचे चित्रण पथक उभारले. पलटणींतून निवडलेल्या जवानांना पाइनवुड स्टुडिओत शिकवून सार्जंट करण्यात आले. 35 मिलिमीटरच्या शंभर फुटी रिळात जेमतेम मिनिटभराचे चित्रण मावे. काय टिपले, कुठे आणि केव्हा, याचा कागद रिळासोबत पाठवावा लागे.

15 एप्रिल 1945 रोजी ब्रिटिश फौजांनी जर्मनीतली बर्गन-बेल्सनची नाझी छळछावणी मुक्त केली. आत सुमारे 60,000 कैदी होते आणि हजारो प्रेते उघड्यावर पडलेली होती. एसएस या नाझी दलाचे पहारेकरी प्रेते वाहून खड्ड्यात टाकताना आणि काठावर उभे केलेले जर्मन अधिकारी ते पाहताना लष्कराच्या या चित्रण पथकाने टिपले. या सामग्रीतून ब्रिटिश निर्माते सिडनी बर्नस्टाइन चित्रपट बनवत होते. दृश्यांचे तुकडे न करता ती सलग ठेवावीत, म्हणजे बनावाचा आरोप टिकणार नाही, असा सल्ला दिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकने त्यांना दिला. सैनिकाच्या आप्तत्वाच्या प्रश्नाचे उत्तर इथे मिळते: रिळासोबतचा कागद आणि सलग दृश्ये यांमुळे, त्याच्या शब्दावर विसंबावे लागू नये, इतकी ती साक्ष तपासता येण्याजोगी होती. त्याच वर्षी ल्यूनेबर्गच्या खटल्यात बेल्सनचे चित्रण पुरावा म्हणून दाखवले गेले.

तरीही साक्ष लोकांपुढे न्यायची की नाही, हे सार्जंटच्या हाती नव्हते. बर्नस्टाइन यांचा चित्रपट 1945 मध्येच अपुरा बाजूला ठेवला गेला. लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमने तो पूर्ण करून 2014 मध्ये दाखवला.