वाया गेलेले काम

झाशीस बदलून आलेल्या मराठी अधिकाऱ्याला किल्ला पाहण्याचा योग लवकरच येतो. ओरछ्याच्या वीरसिंह देवाने बांधलेल्या या किल्ल्याचा पुढे नारोशंकराने विस्तार केला; तो भाग शंकरगड म्हणून ओळखला जातो. नाशिकची नारोशंकराची घंटा सर्वांना ठाऊक असते; परंतु हाच गृहस्थ १७४२ पासून सुमारे पंधरा वर्षे येथे पेशव्यांचा सुभेदार होता आणि १७५७ साली त्याला परत बोलाविण्यात आले, हे पुष्कळांना येथे आल्यावरच कळते. एका अर्थी तो आपल्यापैकीच. फरक इतकाच, की त्याचे काम दगडाचे होते म्हणून उरले. आपल्यापैकी बहुतेकांनी बसविलेली घडी पुढचा साहेब मोडतो, नवी पद्धत येते आणि चार-सहा वर्षांचा खटाटोप जुन्या फायलींबरोबर दप्तरखान्यात जातो. असे काम वाया गेले म्हणावयाचे काय?

दगडाचे नव्हे अशा एका कामाची हकीकत या संदर्भात आम्हांस विचार करण्याजोगी वाटते. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, होमी भाभांच्या पाठबळावर, रंगस्वामी नरसिंहन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी स्वतः गणकयंत्र घडविण्यास घेतले. १९५६ मध्ये त्याचा लहान नमुना चालू झाला, १९६० मध्ये पूर्ण यंत्र. पंडित नेहरूंनी त्याचे नाव ‘टिफ्रॅक’ ठेवले. अठरा फूट लांब आणि आठ फूट उंच पोलादी सांगाड्यात २,७०० निर्वात नलिका (जुन्या रेडिओत ज्यांना व्हॉल्व्ह म्हणत त्याच), १,७०० जर्मेनियमचे डायोड आणि १२,५०० रोधक! नलिका म्हणजे विजेच्या दिव्याची सख्खी बहीण. आतील तार तापली तरच प्रवाह वाहतो. ती तापते, झिजते आणि एक दिवस विझते. आणि हे सारे जुळत असतानाच परदेशांत ट्रान्झिस्टरची यंत्रे बाजारात येऊ लागली होती. १९६४ मध्ये त्याच संस्थेत अमेरिकेचे सी. डी. सी. ३६०० दाखल झाले. १९६५ च्या सुमारास टिफ्रॅक थांबले. अवघी पाच वर्षे.

आमच्यातील लेखापरीक्षक येथे हटकून हरकत घेतो. कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेने १९५५ मध्येच विलायतेहून तयार यंत्र आणविले होते. जे विकत मिळते ते गरीब देशाने, जनतेच्या पैशाने, पुन्हा कशाला घडवावे? ही हरकत क्षुल्लक नाही, आणि राष्ट्राभिमानाचा नुसता उच्चार करून ती निकालात काढणे आम्हांस अप्रामाणिकपणाचे वाटते. परंतु ज्या आकड्याखाली आपण सही करतो तो कसा निघाला हे सांगता येणे, हाही जबाबदारीचाच भाग नव्हे काय? ज्याने यंत्राचा सांधा न् सांधा स्वतः जुळविला तो पुढचे यंत्र विकत घेतानाही विक्रेत्याच्या तोंडाकडे पाहत बसत नाही. टिफ्रॅक भंगारात गेले, तरी ही पारख भंगारात गेली नाही. त्या खर्चाचे समर्थन आम्ही एवढ्यावर करू.

मात्र शिकलेले सांगण्याचीही बंदी असेल तर? टॉमी फ्लॉवर्स हा विलायतेच्या पोस्ट खात्यातील अभियंता, म्हणजे सरकारी नोकरच. नलिका सतत पेटत्या ठेवल्या तर दीर्घकाळ टिकतात, हे त्याला टेलिफोन केंद्रांच्या अनुभवावरून ठाऊक होते. जाणत्यांचा विश्वास बसेना. तरीही त्याने सुमारे १,६०० नलिकांचे ‘कोलोसस’ उभे केले, आणि १९४४ च्या फेब्रुवारीपासून जर्मन सेनापतींचे सांकेतिक संदेश उलगडण्यास त्याचे साहाय्य होऊ लागले. युद्ध संपल्यावर अशी बहुतेक यंत्रे मोडण्यात आली. आराखडे जाळण्याचा हुकूम झाला; ते त्याने स्वतः भट्टीत घातले. पुढे तसेच यंत्र बांधण्यासाठी त्याने कर्ज मागितले, तेव्हा असले काही चालणार नाही म्हणून बँकेने नकार दिला. ‘मी ते चालविले आहे’ एवढे वाक्य उच्चारण्याची त्याला मोकळीक नव्हती. गुप्ततेची गाठ सैल झाली ती १९७० च्या दशकात.

येथे आमचा युक्तिवाद अडखळतो, हे कबूल केले पाहिजे. नाव नाही, शिष्य नाहीत, कागदाचा चिटोराही नाही. परंतु हजारो नलिका एकत्र चालतात, ही खात्री त्याच्याकडून कोणालाही जप्त करता आली नाही. ती घेऊनच तो पोस्ट खात्यातील आपल्या टेबलाशी परतला आणि इलेक्ट्रॉनिक टेलिफोन केंद्राच्या खटपटीस लागला.