शिक्षेचे माप

आमच्या रायपुरात एका सरकारी कचेरीवर ‘जिल्हा शिक्षा अधिकारी’ अशी पाटी आहे. नागपूरहून प्रथमच आलेला माझा भाचा ती वाचून थबकला आणि, ‘मामा, इथं शिक्षा द्यायला निराळा अधिकारी असतो?’ असे त्याने मोठ्या गांभीर्याने विचारले. हिंदीत शिक्षा म्हणजे शिक्षण, आणि आपण जिला शिक्षा म्हणतो ती ‘सजा’, हे मी त्याला समजावून सांगितले. त्याचे समाधान झाले. माझे मात्र झाले नाही. शिकविणे आणि शासन करणे या दोहोंना एकाच शब्दात बसविणारी आपली भाषा फार आशावादी असली पाहिजे. गुन्हा शाबीत झाल्यावर न्यायाधीश जो आकडा उच्चारतो, इतकी वर्षे, इतका दंड, तो आकडा येतो तरी कोठून?

कायद्याकडे पाहावे तर कायदा बहुधा केवळ दूरचे कुंपण दाखवितो. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेत साध्या चोरीला तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही सांगितली आहेत. पाच हजार रुपयांहून कमी किमतीची चोरी असेल, चोर प्रथमच दोषी ठरला असेल आणि त्याने माल परत केला असेल, तर समाजसेवा. हा शेवटचा भाग नवा आहे आणि मला तो आवडतो. परंतु एक दिवस आणि तीन वर्षे यांच्यामधले सारे मैदान न्यायाधीशाच्या हवाली केलेले आहे. त्या मैदानावर खुणा कराव्यात, अशी सूचना २००३ साली न्यायमूर्ती मलिमठ समितीने केली होती. तसे काही झाले नाही.

चोरीचा विषय निघाला की मला येथल्या जयस्तंभ चौकाची आठवण होते. कचेरीत जाताना मी रोज तेथून जातो. सोनाखानचे जमीनदार नारायणसिंह यांना १० डिसेंबर १८५७ रोजी फाशी दिले ते येथेच, असे शहर मानते. फाशी बंडाबद्दल होती. परंतु त्यांची पहिली कैद धान्याबद्दल होती. १८५६ च्या दुष्काळात त्यांनी एका व्यापाऱ्याचे कोठार फोडून धान्य उपाशी लोकांत वाटले आणि आपण असे केले हे स्वतः इंग्रज अधिकाऱ्याला कळविले. हेतू, परिस्थिती, कबुली, स्वतःचा लाभ नसणे, या सर्व गोष्टी आजचा वकील शिक्षा कमी करण्यासाठी मांडतो. त्या वेळच्या सरकारला त्यांतले काहीच दिसले नाही. फुटलेले कोठार तेवढे दिसले. मापाचा पहिला घोटाळा येथेच आहे. कृत्य मोजावयाचे, की ते करणारा माणूस?

आपले जुने शास्त्रकार माणूस मोजीत असत, आणि कसा मोजीत हे सर्वश्रुत आहे. मनुस्मृतीतील वर्णभेदाच्या शिक्षांचे समर्थन कोणी शहाणा माणूस करणार नाही. तथापि त्याच ग्रंथात एक उलटी गोष्टही आहे. चोरीचे दोष जाणणाऱ्याने चोरी केली तर शूद्राला आठपट, वैश्याला सोळापट, क्षत्रियाला बत्तीसपट आणि ब्राह्मणाला चौसष्टपट वा त्याहून अधिक दोष लागतो. ज्याला अधिक कळते त्याचा अपराध अधिक मोठा, हा विचार मला पटतो. व्यवहारात तो कधी पाळला गेला काय, हा प्रश्न वेगळा. रामशास्त्री प्रभुण्यांनी नारायणरावाच्या खुनाबद्दल राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगितले, ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकत आलो; आणि ती आपण इतक्या अभिमानाने सांगतो, यावरूनच असा प्रसंग किती विरळा होता ते कळते. तेथेही शब्द ‘प्रायश्चित्त’ असा आहे. शासन बाहेरून येते, प्रायश्चित्त आतून घ्यावयाचे असते. राघोबादादांनी ते घेतले नाही.

जीव घेण्याच्या शिक्षेपुरते तरी आपल्या कायद्याने पारडे उघडपणे फिरविले आहे. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेनुसार खुनाला फाशी न दिल्यास न्यायाधीशाला कारण लिहावे लागे. १९५५ च्या दुरुस्तीने ते बंधन गेले, आणि १९७३ च्या संहितेने फाशी द्यावयाची असेल तर विशेष कारणे लिहिण्याचे बंधन घातले. अठरा वर्षांत कारण सांगण्याचे ओझे एका बाजूवरून दुसऱ्या बाजूवर गेले. त्यानंतर १९८० साली बचनसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ‘विरळातील विरळ’ प्रसंगाचा निकष सांगितला. न्यायमूर्ती भगवती यांचे मत वेगळे होते: अशा निकषावर फाशी ठरली तर ती न्यायाधीशागणिक बदलेल.

त्यांचे म्हणणे किती खरे होते हे पाहावयास दूर जावे लागत नाही. २००३ साली नाशिकजवळ दरोडा पडला, एकाच झोपडीतील पाच जीव गेले. भटक्या जमातीतील सहा जणांवर खटला झाला. २००६ साली सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी सांगितली. २००७ साली मुंबई उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम करून तिघांना जन्मठेप दिली. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या तिघांनाही पुन्हा फाशी दिली. २०१२ साली सहांपैकी एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, असे निष्पन्न झाले. आणि ५ मार्च २०१९ रोजी त्याच सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडले व प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई देण्यास राज्य शासनाला सांगितले. माणसे तीच, पुरावा तोच. फाशी की जन्मठेप याची चर्चा करणारे सर्वजण विद्वान होते आणि प्रामाणिकही असतील. परंतु ज्यांनी काही केलेच नव्हते त्यांच्या अपराधाचे वजन ते इतकी वर्षे करीत होते. भरपाईचा आकडा कोणत्या मापाने आला, हेही मला कळलेले नाही.

दोष ठरल्यावर शिक्षेपूर्वी आरोपीचे म्हणणे ऐकावे, असे १९७३ पासून कायदा सांगतो. अनेकदा ते त्याच दिवशी, काही मिनिटांत उरकते. वकील म्हणतो, आरोपी गरीब आहे, त्याला लहान मुले आहेत. निकालपत्रात तेवढी एक ओळ येते. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयाने फाशीच्या खटल्यांपुरता हा प्रश्न घटनापीठाकडे पाठविला. माणूस समजून घेण्यास किती वेळ लागतो, हा प्रश्न न्यायालयालाही पडावा, याचे मला बरे वाटले.

इतके लिहिल्यावर स्वतःकडे न पाहणे अप्रामाणिकपणाचे होईल. मी न्यायाधीश नाही, कारकून आहे. परंतु केंद्र सरकारच्या १९६५ च्या शिस्तविषयक नियमांत ठपक्यापासून बडतर्फीपर्यंत शिक्षांची जी उतरंड आहे, तिच्या फायली माझ्या टेबलावरून जातात. काही वर्षांपूर्वी एका शिपायाने प्रवास सवलतीचे खोटे बिल सादर केल्याचे शाबीत झाले. शिक्षा काय द्यावी यासाठी पूर्वदाखले जोडून टिपण सादर करण्यास मला सांगण्यात आले. मी नोंदवही काढली. शिपायांचे दाखले एका वहीत, अधिकाऱ्यांचे दुसऱ्या वहीत. मी पहिल्या वहीतले तीन दाखले जोडले. त्या तिन्ही प्रकरणांत मोठी शिक्षा होती. दुसऱ्या वहीत तशाच बिलाबद्दल एका अधिकाऱ्याला केवळ ठपका दिल्याची नोंद होती. ती मी वाचलेली होती. ती मागितली नव्हती, म्हणून जोडली नाही. शिपाई खालच्या वेतनावर गेला.

निवृत्त होताना तो पेढे घेऊन आला. शिक्षा झाली त्याचे आपल्याला वाईट वाटत नाही, चूक आपलीच होती, असे तो म्हणाला. फक्त आपल्याला कोणाच्या शेजारी उभे करून मोजले, ते कळले असते तर बरे झाले असते. मी पेढा घेतला. त्याला काही सांगितले नाही.

गेल्या महिन्यात तशाच स्वरूपाची दुसरी फाईल आली. या वेळी मी दोन्ही वह्यांतले दाखले जोडले. तिसऱ्या दिवशी टिपण परत आले. अधिकाऱ्याच्या दाखल्यासमोर समासात पेन्सिलीने लिहिले होते, ‘याचा येथे काय संबंध?’ उत्तर मला लिहावयाचे आहे. फाईल अजून माझ्या खणात आहे.